आधी मोजणी, मग खरेदी: शाळेच्या सामानाच्या प्रकल्प नोंदी

शनिवार, ३ मे

गेल्या वर्षीची शाळेची खरेदी मला विसरायची नाही, म्हणून पहिली नोंद तिचीच. शाळा सुरू व्हायच्या आधीच्या तीन दिवसांत पाच फेऱ्या झाल्या. शेवटच्या फेरीत धाकट्याला उभ्या उभ्या पेंग येत होती, मोठी तोंड पाडून बाजूला उभी होती आणि मी हातात चार पिशव्या घेऊन आठवत होते, चौकटीच्या वह्या घरात आहेत का? आठवेना, म्हणून घेतल्या. घरी आल्यावर तशाच वह्या कपाटात सापडल्या. त्या रात्री पैशांवरून माझं आणि ह्यांचं वाजलं, आणि ते मुलांनी ऐकलं. त्याचं मला वर्षभर वाईट वाटत राहिलं.

ऑफिसात एखादं काम हाती घेतलं की आम्ही तारीख लावतो, कुणी काय करायचं ते लिहितो, नोंदी ठेवतो. घरच्या कामालाही तीच शिस्त लावून बघायची, असं ठरवलं. शाळा १६ जूनला सुरू होणार. हातात ४४ दिवस आहेत.

गेल्या वर्षीच्या पावत्या एका पाकिटात जपून ठेवल्या होत्या. त्यांची बेरीज केली आणि ती १०० धरली, म्हणजे यंदा तुलना करता येईल. वाटणी अशी निघाली: बूट आणि कपडे ३८, वह्या १९, दप्तरं १७, लिहायचं-रंगवायचं सामान १६, बाटल्या आणि डबे ६, किरकोळ ४. पेन्सिली, खोडरबर, पेनं यांच्यावर दप्तरांइतका खर्च झालाय, हे कागदावर बघेपर्यंत मला खरं वाटलं नसतं. एकेक वस्तू घेताना ती काहीच वाटत नाही.

यंदाचं लक्ष्य: एकूण ६५ च्या आत, मोठ्या फेऱ्या दोनच, आणि शेवटचे तीन दिवस दुकानाचं तोंड बघायचं नाही. मोजणी पुरी होईपर्यंत कुणीही काहीही आणायचं नाही, हे जेवताना सगळ्यांना सांगितलं. धाकटा म्हणाला, "आई, खोडरबर पण नाही?"

"खोडरबर पण नाही."

रविवार, ४ मे

मोजणीचा दिवस. हॉलमध्ये जुनी चादर अंथरली आणि घरातलं शाळेचं जे जे काही आहे ते तिच्यावर ओतायला सांगितलं. खण, कंपास पेट्या, दप्तरांचे आतले कप्पे, सोफ्याच्या फटी, फ्रिजवरचा डबा. मोठीने वहीत रकाने आखले, धाकट्याने ढीग लावले. दोन तास लागले.

आकडे: पेन्सिली ४७, खोडरबर १४, शार्पनर ९, पट्ट्या ७, गोंदाच्या कांड्या ५, स्केचपेनं ६१, पेनं २२, पूर्ण कोऱ्या वह्या ७.

नुसता आकडा कामाचा नाही, चालणारी वस्तू किती ते बघायला हवं, म्हणून एकेक तपासली. ४७ पेन्सिलींपैकी बोटापेक्षा लांब २९. त्यांना टोक काढलं तर पाच पेन्सिलींचं शिसं टोक होता होता गळून पडायचं. पुन्हा टोक काढलं, पुन्हा गळलं. ह्या पेन्सिली जमिनीवर पडलेल्या असतात. वरचं लाकूड शाबूत दिसतं, आत शिशाचे तुकडे झालेले असतात. "बेंचवरून पडते गं सारखी," धाकटा म्हणाला. राहिल्या २४. म्हणजे यंदा एकही पेन्सिल घ्यायची नाही. गेल्या वर्षी आम्ही तीन डझन घेतल्या होत्या.

स्केचपेनांतली ३४ चालतात. पाण्याच्या शाईची जी सुकली होती, त्यांची टोकं कोमट पाण्यात थोडा वेळ धरली तर आणखी सात लिहू लागली, फिकट का होईना. पेनं १३ चालू. दोन गोंदाच्या कांड्या झाकणाविना राहून दगड झालेल्या.

एक गोष्ट मुलांना मुद्दाम दाखवली. मोठीच्या कंपास पेटीत पांढरा खोडरबर प्लास्टिकच्या पट्टीला चिकटून बसला होता. ओढून काढला तर पट्टीवर खड्डा, सहा आणि सात सेंटिमीटरच्या मधल्या रेघा पुसून गेलेल्या. ह्या विनाइल खोडरबरांत त्यांना मऊ ठेवणारं एक द्रव्य असतं, ते हळूहळू बाहेर येतं आणि शेजारच्या प्लास्टिकला वितळवतं. खोडरबराला कागदाचं वेष्टण असतं ते त्यासाठीच. मुलं पहिल्या दिवशी ते वेष्टण सोलून टाकतात आणि महिन्याभरात पट्टी नवी लागते. चौदाही खोडरबरांना जुन्या कागदाच्या पट्ट्या गुंडाळून चिकटवल्या.

कोऱ्या सात वह्यांपैकी सहा दुरेघी. गेल्या वर्षी घाईत चुकून घेतलेल्या. धाकट्याला एकेरी हव्या होत्या. त्या बाजूला ठेवल्या.

शनिवार, १० मे

आज गेल्या वर्षीच्या वापरलेल्या वह्या काढल्या. मोठीच्या नऊ वह्या, प्रत्येकी १०० पानांच्या. लिहिलेली पानं मोजली. एकूण ९०० पानांपैकी लिहिलेली ४१२. गणिताची वही भरून दुसरी अर्धी झाली होती, पण मूल्यशिक्षणाची ११ पानं, चित्रकलेच्या माहितीची १९. आम्ही दर वर्षी सगळ्या विषयांना एकाच जाडीच्या वह्या घेतो, कारण गठ्ठा तसाच मिळतो.

इथे जाड वही स्वस्त की पातळ, ह्याचा हिशेब मांडला. आमच्या पावत्यांवरून १०० पानी वहीत एक पान ५० पानी वहीपेक्षा पाचव्या हिश्श्याने स्वस्त पडतं. पण निम्मी वही कोरी राहिली, तर प्रत्यक्ष लिहिलेलं पान पातळ वहीतल्या पानाच्या १.६ पट महाग पडलं. म्हणून गणित, विज्ञान आणि दोन भाषा यांना जाड वही, बाकीच्यांना पातळ.

आणखी एक, आणि यात मी स्वतः अनेकदा फसले आहे. "पान" म्हणजे कागदाचं अख्खं पान की त्याची एक बाजू? एका वहीवर १०० लिहिलेलं असतं आणि आत ५० पानं निघतात, कारण त्यांनी पृष्ठं मोजलेली असतात. दुसऱ्या वहीवरही १०० असतं आणि आत खरोखर १०० पानं असतात. किंमत शेजारी शेजारी ठेवली की पहिली स्वस्त वाटते. आता दुकानात वही उघडून दहा पानं चिमटीत धरायची आणि जाडीवरून अंदाज घ्यायचा, असं मोठीला शिकवलं.

कागदाच्या वजनाचंही बघितलं. वहीवर ७० जीएसएम किंवा ८० जीएसएम असं लिहितात, म्हणजे एक चौरस मीटर कागदाचं वजन तेवढे ग्रॅम. ए४ मापाचं पान चौरस मीटरच्या सोळाव्या हिश्श्याएवढं, म्हणून ८० जीएसएमचं एक ए४ पान भरतं ५ ग्रॅम. फार कमी जीएसएमच्या कागदावर जेल पेनची शाई मागे उमटते, मग मुलं एका बाजूलाच लिहितात आणि वही निम्म्यात संपते. म्हणून पातळ कागदाची स्वस्त वही मी यादीतून काढून टाकली.

मग स्वयंपाकघरातला काटा आणला. १०० पानी ए४ वही, ७० जीएसएम: पुठ्ठ्यासकट ४६० ग्रॅम. अशा सहा वह्या म्हणजे पावणेतीन किलोच्या पुढे. धाकट्याचं वजन २४ किलो. दप्तराचं ओझं मुलाच्या वजनाच्या १० ते १५ टक्क्यांत असावं, असा सर्वसाधारण सल्ला आहे. १० टक्के धरले तर त्याची मर्यादा २.४ किलो, म्हणजे पुस्तकं, डबा आणि पाणी घालायच्या आधी नुसत्या वह्यांनीच ती ओलांडली जाते. शाळेच्या शेवटच्या आठवड्यात त्याचं दप्तर मी उचलून बघितलं होतं आणि "जड आहे रे" म्हणून सोडून दिलं होतं. आज काट्यावरचा आकडा बघून गलबलून आलं. त्याच्यासाठी सगळ्या वह्या पातळ आणि लहान मापाच्या. इथे स्वस्त-महाग बघायचं नाही.

मूल्यशिक्षणाची आणि चित्रकलेची वही पुन्हा वापरता येईल. लिहिलेली पानं कटरने कापली, पण शिवणीपासून एक सेंटिमीटरची पट्टी ठेवून. मधोमध टाचलेल्या वहीत पुढचं पान आणि मागचं पान एकाच कागदाचे दोन भाग असतात. पुढचं मुळापासून फाडलं की मागचं सुटून येतं.

रविवार, ११ मे

वर्गशिक्षिकांना निरोप पाठवला: "मॅडम, पहिल्या आठवड्यात नक्की काय लागेल ते कळवाल का? बाकीचं सवकाश घेऊ." दोघींकडून संध्याकाळपर्यंत उत्तर आलं. चार वह्या, पेन्सिल किंवा पेन, पाण्याची बाटली. पूर्ण यादी २४ मेला येणार. इतकी वर्षं मी हा प्रश्न विचारला नव्हता, आणि त्या दोघींनी तो किती आनंदाने ऐकला.

शनिवार, १७ मे

दप्तरं. धाकट्याच्या दप्तराचा पट्टा मुळातून निघालाय आणि तिथलं कापडच विरलंय, त्यामुळे टाके धरणार नाहीत. ते नवं घ्यावं लागेल. मोठीचं दप्तर मात्र धडधाकट आहे, फक्त मुख्य चेन लागत नाही: रनर पुढे जातो आणि मागे दात उघडेच राहतात.

मोठी नाराज. "आई, सगळ्यांची नवी असतात. माझंच जुनं." मी तिला समजावायला गेले नाही. म्हटलं, आधी चेन दुरुस्त होते का बघू, धुऊन कसं दिसतं बघू, मग तू ठरव. तिने ठरवायचं म्हटल्यावर ती माझ्या शेजारी येऊन बसली.

चेनचं असं असतं की दात क्वचितच बिघडतात. बिघडतो तो रनर. ओढून ओढून त्याच्या दोन बाजू फाकतात आणि दातांना एकमेकांत दाबण्याएवढा जोर उरत नाही. रनर चेनच्या सुरुवातीला नेला, लहान पक्कड घेतली आणि मागच्या बाजूचे दोन्ही काठ आळीपाळीने अगदी थोडे दाबले. एकदम दाबलं तर रनर पिचतो आणि मग तो हलतच नाही. थोडं दाबून चालवून बघायचं, पुन्हा थोडं. तिसऱ्या खेपेला दात मागे बंद होत गेले. कोपऱ्यावर अडकत होतं तिथे मोठीने पेन्सिलीचं शिसं दातांवर घासलं. ग्रॅफाइट चांगलं वंगण आहे. चेन सरसर चालू लागल्यावर तिने ती सात-आठ वेळा उघडली आणि लावली.

मग दप्तर हाताने धुतलं, कोमट पाणी आणि थोडा साबण, आणि उलटं करून सावलीत टांगलं. मशीनमध्ये घातलं किंवा कडक उन्हात टाकलं तर आतलं पाणी अडवणारं अस्तर सुटून त्याचे पापुद्रे निघतात. वाळलं की पट्ट्यांच्या मुळाशी दुहेरी दोऱ्याने चौकट आणि मध्ये फुली अशी टीप मारून घ्यायला शिलाईवाल्या काकांकडे द्यायचं. दप्तर सगळ्यात आधी तिथेच जातं.

रविवार, १८ मे

दप्तर वाळलं. मोठी बघून म्हणाली, "चालेल. पण समोरच्या खिशावर मी काहीतरी भरणार." भर म्हटलं.

संध्याकाळी नणंदेचा फोन. तिलाही हीच खरेदी आहे. "ताई, तुमच्याकडे दुरेघी वह्या लागतात का?" विचारलं तर तिच्या लहान मुलीला नेमक्या त्याच हव्या. सहाही वह्यांची सोय झाली. तिच्याकडे भूमितीची पेटी जास्तीची आहे, कर्कटकाचा स्क्रू ढिला आहे इतकंच. तो चष्म्याच्या बारीक स्क्रू ड्रायव्हरने आवळता येतो. रंगीत पेन्सिलींचा मोठा गठ्ठा दोघींत मिळून घ्यायचं ठरलं.

शनिवार, २४ मे

शाळेच्या याद्या आल्या. मोठीची ३१ वस्तूंची, धाकट्याची २६. पूर्वी मी ही यादी तशीच्या तशी दुकानदाराच्या हातात द्यायचे. आज मोजणीच्या वहीशेजारी ठेवली आणि प्रत्येक ओळीपुढे एक अक्षर लिहिलं. घ: घरात आहे. प: पहिल्या आठवड्यात हवं. थ: शिक्षक सांगतील तेव्हा, म्हणजे थांबायचं.

दोन्ही याद्या मिळून ५७ ओळी. घ २४, प १४, थ १९.

थ ची अक्षरं लिहिताना हात थोडा अडला. कधी लागेल आणि नसेल तर? पण गेल्या वर्षी यादीप्रमाणे आणलेला रंगीत कागदांचा संच, दोन प्रकारचे ब्रश आणि आलेख वही वर्षभर वेष्टणातच राहिली, हेही डोळ्यांसमोर होतं. तयार संच घ्यायचे नाहीत, हेही आजच ठरवलं. संचात दहा वस्तू असतात आणि त्यांतल्या सात आपल्या घ मध्ये निघतात.

रविवार, २५ मे

पायांची आणि उंचीची मापं. ३८ टक्के खर्च इथे होतो, त्यामुळे इथे वेळ द्यायलाच हवा.

पाय संध्याकाळी मोजले, कारण दिवसभरात ते थोडे सुजतात आणि सकाळी बसलेला बूट दुपारी चावतो. कागद भिंतीला टेकवला, टाच भिंतीला लावून मुलाला दोन्ही पायांवर वजन देऊन उभं केलं आणि सगळ्यात लांब बोटापुढे खूण केली. दोन्ही पाय मोजायचे. धाकट्याचा डावा पाय ४ मिलिमीटरने मोठा निघाला. बूट घ्यायचा तो मोठ्या पायाच्या मापाने, आणि पुढे सुमारे १ सेंटिमीटर जागा ठेवून. दोन मापं मोठा घेतला तर मूल त्यात पाय ओढत चालतं, बूट चुकीच्या ठिकाणी वाकतो आणि लवकर फाटतो.

आकड्यांवर विसंबू नये याचं कारण आहे. युरोपियन पद्धतीत एक नंबर म्हणजे दोन तृतीयांश सेंटिमीटर, इंग्रजी पद्धतीत एक नंबर म्हणजे एक तृतीयांश इंच, म्हणजे जवळजवळ साडेआठ मिलिमीटर. त्यात प्रत्येक बनवणाऱ्याचा साचा वेगळा. मी पायाच्या आकाराचा कागदच कापून घेतला. दुकानात तो बुटात सरकवून बघायचा. दुमडला तर बूट लहान.

मोठीचे चार वर्षांपूर्वीचे बूट माळ्यावर जपून ठेवले होते, धाकट्याला होतील म्हणून. आज काढले. वरून नव्यासारखे. हातात घेऊन तळवा वाकवला तर त्याचा भुगा झाला आणि चादरीवर सांडला. पॉलियुरेथेनच्या तळव्याला हवेतली आर्द्रता आतून पोखरते, वापरले नाहीत तरी. बूट साठवण्यात अर्थ नाही. कपडे मात्र राहतात.

कपड्यांत हिशेब असा: ह्या वयात मुलं वर्षाला साधारण ५ ते ६ सेंटिमीटर वाढतात. मोठीचे दोन जोड नुसती दुमड उसवून यंदा चालतील. आत ५ सेंटिमीटर कापड आहे. जुन्या दुमडीची पांढरट रेघ दिसते, ती वाफेच्या इस्त्रीने बरीच गेली. धाकट्याला दोन जोड नवे, आणि त्यांना मोठी दुमड सोडून घ्यायची.

शनिवार, ३१ मे

पहिली मोठी फेरी. सकाळी, दुकान उघडल्या उघडल्या. मोठी सोबत, धाकटा घरी ह्यांच्याजवळ. हातात १४ ओळींची यादी. पन्नास मिनिटांत बाहेर.

आत जाण्याआधी दोघींनी पाटीवरची गणितं सोडवली होती. "दोनवर एक मोफत" म्हणजे तिघांत एक, सूट ३३ टक्के; आणि तिसरी वस्तू लागणार नसेल तर सूट शून्य. "५० टक्के आणि वर २० टक्के" म्हणजे ७० नव्हे: १०० ची वस्तू आधी ५० होते, मग ५० वर २० टक्के म्हणजे १०, राहिले ४०. सूट ६०. मोठीला हे शाळेतल्या शेकडेवारीपेक्षा पटकन समजलं, आणि पुढे प्रत्येक पाटीपाशी थांबून तिने ते करून दाखवलं.

दोघांनाही सांगून ठेवलं होतं की प्रत्येकाची एक वस्तू फक्त आवडीची, बाकी यादीची. मोठीने भरतकामाचे दोरे घेतले. धाकट्यासाठी तिने हिरवी कंपास पेटी निवडली, कारण त्याने तिला रात्री कानात तसं सांगितलं होतं.

धाकट्याचं दप्तरही आजच. चित्राचं न घेता रुंद पट्ट्यांचं आणि हलकं घेतलं. रिकामं ४८० ग्रॅम. बाटल्या नव्या घेतल्या नाहीत. गळत होत्या त्या झाकणातली सिलिकॉनची रिंग सैल झाल्यामुळे. रिंग सुटी मिळाली.

शनिवार, ७ जून

दुसरी फेरी, बूट आणि कपडे. कागदाचा पाय घेऊन गेले होते म्हणून तिसऱ्याच जोडीला काम झालं. धाकट्याला दुकानात दहा मिनिटं चालायला लावलं. विक्रेता घाई करत होता. तरी चालू दिलं.

रविवार, ८ जून

नावं घालणं. गेल्या वर्षी पेन्सिली आणि खोडरबर वापरून संपले त्यापेक्षा हरवून जास्त गेले, हे मोजणीतून स्पष्ट दिसत होतं.

पेन्सिलीवर चिठ्ठी टिकत नाही. मागच्या टोकाकडचा रंग कटरने दोन सेंटिमीटर लांब, अगदी पातळ तासायचा, आतलं लाकूड दिसलं की त्यावर बॉलपेनने नाव लिहायचं. २४ पेन्सिली तासायला अर्धा तास लागला. धाकटा एकेका पेन्सिलीवर स्वतःचं नाव लिहीत होता, जीभ बाहेर काढून, आणि "न" वरची वेलांटी प्रत्येक वेळी लाकडाबाहेर जात होती. बाटली, डबा, पट्टी यांच्यावर कायमच्या शाईचा मार्कर आणि वर पारदर्शक टेप.

दप्तरात पेन्सिली फक्त तीन द्यायच्या, बाकी घरच्या डब्यात. जुनी लहान झाली की दाखवून नवी घ्यायची.

शुक्रवार, १३ जून

आज काहीही करायचं नव्हतं. गेल्या वर्षी याच दिवशी पहिली फेरी होती. संध्याकाळी चौघं फिरायला गेलो.

सोमवार, १६ जून

शाळा सुरू. धाकट्याचं भरलेलं दप्तर काट्यावर ठेवलं: २.१ किलो. तो काट्यावर वाकून म्हणाला, "कमी आहे ना?" हो म्हटलं.

शनिवार, २१ जून

थ च्या १९ ओळींपैकी सात वस्तू शिक्षकांनी सांगितल्या. चार वस्तूंची गरज नाही, असं त्यांनीच कळवलं. आठ अजून अधांतरी आहेत, तशाच राहू देत. सात वस्तू घराजवळच्या दुकानातून ऑफिसवरून येताना घेतल्या. इंग्रजीची वही मॅडमना यादीतल्यापेक्षा वेगळ्या आखणीची हवी होती. आधी घेतली असती तर पुन्हा सहा दुरेघी वह्यांची गोष्ट झाली असती.

एक निर्णय चुकला, तोही लिहिते. नणंदेबरोबर घेतलेल्या रंगीत पेन्सिली टोक काढताच तुटतात. पेन्सिलीचं मागचं टोक नीट बघितलं तर कारण कळतं: रंगाची कांडी लाकडाच्या मधोमध नाही, एका कडेला आहे. शार्पनर एका बाजूचं लाकूड तासतो, दुसऱ्या बाजूला ते राहतं आणि कांडी आधाराविना मोडते. गठ्ठ्यातल्या निम्म्या अशाच निघाल्या. खोक्यातली एक पेन्सिल काढून तिचं टोक बघायला दहा सेकंद लागली असती, ती मी दिली नाहीत. ताईंना फोन करून सांगितलं. त्या म्हणाल्या, "माझ्याही तशाच आहेत गं. पुढच्या वेळी बघून घेऊ दोघी." दुकानदाराने बदलून दिल्या नाहीत.

शनिवार, २८ जून

हिशेब बंद करते. बूट आणि कपडे ३१, वह्या ११, धाकट्याचं दप्तर आणि मोठीच्या दप्तराची शिलाई मिळून १०, लिहायचं-रंगवायचं सामान ४, बाटल्यांच्या रिंगा १, किरकोळ २. एकूण ५९. बुटांत फारसं वाचलं नाही आणि वाचवायचंही नव्हतं. सगळ्यात मोठा फरक लिहायच्या सामानात पडला, १६ वरून ४, आणि तो चादरीवरच्या त्या दोन तासांत पडला.

पुढची मोजणी डिसेंबरच्या पहिल्या रविवारी, कॅलेंडरवर खूण केली. नणंदेची मुलंही त्या दिवशी येणार आहेत, म्हणजे अदलाबदल जागच्या जागी होईल.

दुपारी एक काम शिल्लक होतं. जुन्या वह्यांतली सुटी कोरी पानं निघाली होती, ती १४०. आखणी वेगवेगळी, पण कच्च्या कामाला चालतात. एका मापाची करून कडा जमिनीवर आपटून जुळवल्या, खाली-वर जुन्या वहीचा पुठ्ठा लावला, कडेपासून एक सेंटिमीटरवर पट्टी धरून दाभणाने पाच भोकं पाडली. एवढ्या जाड गठ्ठ्यात दाभण एका दमात जात नाही; तीस-तीस पानं घेऊन आधीच्या भोकांवर खूण जुळवत गेलं तर जातं. दोरा मोठीने ओवला. धाकट्याने पुठ्ठ्यावर नाव घातलं आणि या वेळी वेलांटी चौकटीत बसली. त्यावर लगेच त्याने गुणाकार करायला घेतले.